सासवण्याचे शिल्पकार : नानासाहेब करमरकर

ग्रंथालयात नवा ग्रंथ दाखल झाला म्हणजे नोंदवहीत त्याच्या नावाशेजारी ग्रंथकाराचे नाव लिहिले जाते. ग्रंथ जीर्ण होतो, त्याची बांधणी पुन्हा करावी लागते, कधी तो गहाळही होतो. परंतु कर्त्याचे नाव नोंदवहीत टिकून राहते. सार्वजनिक शिल्पाचे तसे नसते. चौकात किंवा संस्थेच्या प्रांगणात उभ्या असलेल्या पुतळ्याला माणसे वंदन करतात ती त्या पुतळ्यातील थोर पुरुषाला. जयंतीला हार पडतात, पुण्यतिथीला भाषणे होतात. पण ज्या हातांनी ती आकृती घडवली त्यांची आठवण फारशी कोणी काढीत नाही. पांढुर्णा आणि सौंसरच्या परिसरात, राज्याच्या सीमेपलीकडे राहूनही मराठीपण जपणाऱ्या समाजाला छत्रपती शिवाजी महाराजांची अश्वारूढ प्रतिमा किती जिव्हाळ्याची आहे हे वेगळे सांगावयास नको. या प्रतिमेला ब्राँझमध्ये भव्य रूप देणाऱ्या आरंभीच्या भारतीय शिल्पकारांत विनायक पांडुरंग तथा नानासाहेब करमरकर यांचे स्थान फार वरचे आहे. त्यांचे चरित्र म्हणजे कोकणातील एका देवळाच्या भिंतीपासून पुण्याच्या शिवस्मारकापर्यंत आणि तेथून पुन्हा त्याच कोकणातील गावापर्यंत झालेला प्रवास होय.

करमरकरांचा जन्म २ ऑक्टोबर १८९१ रोजी तत्कालीन कुलाबा, म्हणजे आजच्या रायगड जिल्ह्यातील सासवणे या गावी झाला. अलिबाग आणि मांडवा यांच्या दरम्यान समुद्रकाठी वसलेले हे लहानसे गाव. नारळी-पोफळीच्या वाड्या, भाताची खाचरे, किनाऱ्यावर ओढून ठेवलेल्या होड्या आणि मासळीच्या पाट्या डोक्यावर घेऊन जाणाऱ्या कोळिणी हा तेथील नित्याचा देखावा. अशा गावात वाढणाऱ्या मुलाच्या दृष्टीला रूपाचे संस्कार निराळे शोधावे लागत नाहीत. भाद्रपद जवळ आला की कोकणात घरोघरी गणपतीची माती मळली जाते आणि त्या मातीला आकार कसा येतो हे मुले तासन् तास पाहत बसतात. विनायकाला चित्रांचे वेड लहानपणीच लागले.

ज्या जिल्ह्यात सासवणे आहे त्याच जिल्ह्यात रायगड आहे. लोकमान्य टिळकांच्या प्रेरणेने रायगडावर शिवोत्सव भरला तो १८९६ साली. विनायक तेव्हा चार-पाच वर्षांचा होता. पुढची दहा-पंधरा वर्षे महाराष्ट्रात शिवचरित्राचा जो नवा जागर झाला त्या वातावरणात ही पिढी वाढली. सासवण्याच्या या मुलाने देवळाच्या भिंतीवर घोड्यावर बसलेल्या शिवाजी महाराजांचे चित्र काढले. त्या काळी फिरतीवर आलेल्या साहेबाने अशा चित्राकडे संशयाने पाहिले असते तरी नवल नव्हते. परंतु कुलाब्याचे कलेक्टर ऑटो रॉथफील्ड यांच्या दृष्टीस ते पडले आणि त्यांनी चित्रामागचा हात ओळखला. रॉथफील्ड हे सनदी अधिकारी असले तरी वृत्तीने लेखक आणि रसिक होते. भारतीय स्त्रियांवर त्यांनी लिहिलेल्या ग्रंथाला पुढे रावबहादूर धुरंधरांची चित्रे लाभली. हा मुलगा गावात राहून वाया जाऊ नये असे त्यांना वाटले आणि त्यांच्या साहाय्याने विनायक मुंबईस जे. जे. कलाशाळेत दाखल झाला.

या शाळेची स्थापना १८५७ मधली. विद्यार्थ्यांना पाश्चात्त्य पद्धतीने, प्रत्यक्ष नमुना समोर ठेवून रेखाटन आणि मूर्तिकाम शिकविण्याची तेथील परंपरा होती आणि त्या वेळी सेसिल बर्न्स हे प्राचार्य होते. याच शाळेत शिकलेल्या गणपतराव म्हात्रे यांनी १८९६ साली, वयाच्या विशीत, ‘मंदिरपथगामिनी’ हे शिल्प घडवून भारतीय तरुणाच्या हातूनही या विद्येत अव्वल दर्जाचे काम होऊ शकते हे सिद्ध केले होते. करमरकरांच्या पुढे हा आदर्श होता. त्यांनी शिक्षणात उत्तम यश मिळविले आणि शाळेचे मानाचे लॉर्ड मेयो पदकही त्यांना लाभले.

मात्र पदक मिळाले म्हणून शिल्पकाराचा चरितार्थ चालतो असे नाही. चित्रकाराला कागद आणि रंग पुरतात. शिल्पकाराला जागा लागते, माती, प्लॅस्टर, लोखंडी सांगाडा, मदतनीस लागतात आणि एवढे करून काम विकले जाईल याची शाश्वती नसते. या संदर्भात त्या काळची मुंबई नजरेपुढे आणली पाहिजे. शहरातील सार्वजनिक पुतळे बहुतांशी इंग्लंडहून घडून येत. ज्याच्यामुळे ‘काळा घोडा’ हे नाव रूढ झाले तो युवराजाचा अश्वारूढ ब्राँझ पुतळा बोएम या शिल्पकाराने विलायतेत केला आणि १८७९ साली मुंबईत उभारला गेला. राज्य परक्यांचे, पुतळा परक्यांचा आणि घडविणारा हातही परक्यांचा, अशी ती अवस्था होती. भारतीय शिल्पकाराच्या वाट्याला येत ते मुख्यतः धनिकांचे आणि प्रतिष्ठितांचे अर्धपुतळे.

अशा परिस्थितीत १९१६ साली, पंचविशीत, करमरकर कलकत्त्यास गेले. तेथे त्यांना आधार मिळाला तो सुरेंद्रनाथ ठाकूर यांचा. सुरेंद्रनाथ हे सत्येंद्रनाथ ठाकुरांचे चिरंजीव आणि रवींद्रनाथांचे पुतणे. सनदी सेवेत प्रवेश मिळविणारे पहिले भारतीय असलेल्या सत्येंद्रनाथांची नोकरी मुंबई इलाख्यात झाली होती. त्यामुळे महाराष्ट्र त्या घराण्याला परका नव्हता. बंगालमधील वास्तव्यात करमरकरांनी स्वतःचा स्टुडिओ थाटला, व्यक्तिशिल्पे केली आणि नाव मिळविले. त्या वेळी बंगालमध्ये अवनींद्रनाथांच्या प्रभावाखाली भारतीय परंपरेकडे वळणाऱ्या नव्या चित्रशैलीचा बोलबाला होता. जे. जे. मध्ये शिकलेली यथार्थदर्शी शैली आणि हा नवा विचार यांमधले अंतर त्यांनी जवळून पाहिले. त्यांनी आपली शैली टाकली नाही. परंतु पुढे कोळ्याची पोर किंवा शंख फुंकणारी आकृती घडवताना त्यांच्या कामात जो देशी जिव्हाळा दिसतो, तो केवळ शाळेत शिकलेल्या तंत्रातून येणारा नाही.

१९२० साली ते लंडनला गेले आणि रॉयल ॲकॅडमीत त्यांनी पुढील शिक्षण घेतले. युरोपातील संग्रहालये आणि चौकाचौकांतील ब्राँझ पुतळे यांचे दर्शन शिल्पकाराच्या दृष्टीने एखाद्या ग्रंथसंग्रहाइतके मोलाचे असते. घोडा आणि स्वार यांचा तोल कसा साधायचा, शेकडो मण धातू घोड्याच्या चार किंवा तीन पायांवर कसा पेलायचा, खालून वर पाहणाऱ्या माणसाला चेहरा योग्य दिसावा म्हणून प्रमाणे कशी बदलायची, या गोष्टी पुस्तकातून पूर्णपणे उमगत नाहीत. हे सारे पाहून करमरकर स्वदेशी परतले, काही काळ कलकत्त्यास राहिले आणि १९२५ च्या सुमारास मुंबईस आले.

इकडे पुण्यात शिवस्मारकाचा संकल्प आधीच झाला होता. कोल्हापूरचे राजर्षी शाहू छत्रपती यांच्या पुढाकाराने या स्मारकाची कोनशिला १९ नोव्हेंबर १९२१ रोजी बसविण्यात आली, ती इंग्लंडच्या युवराजाच्या हस्ते. इतिहासाचा योगायोग असा की, ज्याच्या पुतळ्याला मुंबईकर काळा घोडा म्हणत त्या स्वाराचाच हा नातू. पुढे सहाच महिन्यांनी, ६ मे १९२२ रोजी, शाहू महाराजांचे निधन झाले. त्यांचे उत्तराधिकारी राजाराम महाराज यांनी हे कार्य पुढे नेले. आणि देवळाच्या भिंतीवर घोड्यावरील शिवाजी रेखाटणाऱ्या त्या मुलाकडे, आता पस्तिशी गाठलेल्या शिल्पकाराकडे, महाराजांचा अश्वारूढ पुतळा घडविण्याची कामगिरी आली.

या कामातील पहिली अडचण महाराजांच्या रूपाची होती. शिवाजी महाराजांचे अस्सल चित्र कोणते याविषयी त्या वेळी आजच्यासारखी स्पष्टता नव्हती, वा. सी. बेंद्रे यांनी समकालीन चित्र महाराष्ट्रापुढे ठेवले ते १९३३ साली, म्हणजे हा पुतळा उभा राहिल्यानंतर पाच वर्षांनी. दुसरीकडे, प्रत्येक मराठी माणसाच्या मनात महाराजांची एक मूर्ती आधीच ठरलेली होती. पोवाड्यांनी, बखरींनी, नाटकांनी आणि घराघरांतील चित्रांनी ती घडविली होती. व्यक्तिशिल्पात समोर बसलेला माणूस एकच असतो आणि साम्य साधले की काम पुष्कळसे साधले जाते. येथे तर लाखो लोकांच्या मनातील प्रतिमेशी साम्य साधायचे होते. करमरकरांनी घोडा मागच्या दोन पायांवर उधळलेला दाखविला नाही. तो चालतो आहे आणि त्याच्यावर महाराज आपल्या मुलखावर नजर ठेवणाऱ्या राज्यकर्त्याच्या डौलाने बसले आहेत. आवेशापेक्षा अधिकार दाखविणे हे शिल्पात अधिक अवघड असते, कारण तेथे हालचालीच्या आड लपता येत नाही.

दुसरी अडचण धातूची होती. ब्राँझ म्हणजे तांबे आणि कथील यांचा मिश्रधातू. आधी मातीत पूर्ण आकाराची प्रतिकृती करावयाची, तिच्यावरून प्लॅस्टरचा साचा आणि त्यातून प्लॅस्टरची मूर्ती काढावयाची आणि मग तिच्यावरून ओतकामाचा साचा तयार करावयाचा. मूर्ती आतून पोकळ राहावी म्हणून साच्याच्या मध्यभागी गाभा बसवावा लागतो. साचा आणि गाभा यांमधील अरुंद पोकळीत सुमारे एक हजार अंश सेल्सियसपर्यंत तापलेला रस सर्वत्र सारखा पोहोचला पाहिजे आणि आतली हवा वेळीच बाहेर पडली पाहिजे. मध्येच रस थंडावला तर सांधा राहतो. हवा कोंडली तर धातूत पोकळ्या राहतात किंवा साचाच फुटतो. म्हणून एवढे मोठे पुतळे सामान्यतः तुकड्यांत ओतून मग जोडले जातात. करमरकरांनी पुतळा एकसंध ओतण्याचे ठरविले. शिवाय तो विलायतेस न पाठवता मुंबईतच, माझगावच्या गोदीतील ओतकामशाळेत ओतावयाचा होता. जहाजांचे सुटे भाग ओतण्यात तेथील कारागीर निष्णात होते. महापुरुषाचा पुतळा ही त्यांच्यासाठी निराळीच जबाबदारी होती.

सुमारे साडेतेरा फूट उंचीचा आणि सुमारे आठ टन वजनाचा हा पुतळा एकाच ओतकामात साधण्यातील धोका किती मोठा होता याची कल्पना यावरून यावी. तुकडा बिघडला तर तुकडा पुन्हा ओतता येतो. एकसंध ओतकाम फसले तर कित्येक महिन्यांचे श्रम आणि समाजाने विश्वासाने दिलेला पैसा काही क्षणांत मातीमोल होतो. अनावरणाचा दिवस जवळ येत होता आणि दुसरी संधी मिळेल इतका अवधी उरला नव्हता. भट्ट्या पेटल्या, रस साच्यात उतरला आणि पुतळा निर्दोष निघाला. त्या दिवशी भट्टीपाशी उभ्या असलेल्या कामगारांचा या यशातील वाटा शिल्पकाराइतकाच मानला पाहिजे. भारतात एवढा मोठा अश्वारूढ पुतळा एकसंध ओतला जाणे ही त्या काळी अपूर्व गोष्ट होती. मुंबईहून रेल्वेने घाट चढून तो पुण्यास आणण्यात आला आणि १६ जून १९२८ रोजी मुंबईचे गव्हर्नर सर लेस्ली विल्सन यांच्या हस्ते त्याचे अनावरण झाले.

ते वर्ष सायमन कमिशनवरील बहिष्काराचे आणि बार्डोलीच्या सत्याग्रहाचे होते. कोनशिला युवराजाची आणि अनावरण गव्हर्नरचे; परंतु मध्ये उभा असलेला राजा स्वराज्य स्थापन करणारा होता. समारंभ ज्यांनी केला त्यांचा अंमल पुढे एकोणीस वर्षांनी संपला. पुतळा मात्र आपल्या जागी उभा राहिला. स्मारकाच्या त्याच परिसरात १९३२ साली श्री शिवाजी प्रिपरेटरी मिलिटरी स्कूल सुरू झाले आणि जुन्या भांबुर्ड्याला शिवाजीनगर हे नाव मिळाले. काळ्या घोड्यानंतर एकोणपन्नास वर्षांनी मराठी मुलखात ब्राँझचा हा घोडा उभा राहिला, तेव्हा राजा आपला होता, शिल्पकार आपला होता आणि भट्टीपाशी राबणारे हातही आपले होते.

या यशानंतर करमरकरांना मानाची कामे मिळत गेली. परंतु आश्रयदात्यांच्या मागणीनुसार केलेल्या व्यक्तिशिल्पांवर त्यांचे मन तृप्त झाले नाही. ‘शंखध्वनी’ हे त्यांचे शिल्प बॉम्बे आर्ट सोसायटीच्या प्रदर्शनात गौरविले गेले. ‘मत्स्यगंधा’ या शिल्पात महाभारतातील सत्यवतीचे नाव घेऊन किनाऱ्यावरची कोळ्याची मुलगीच अवतरली आहे. पुराणातील नावाचा आधार घेऊन वर्तमानातील श्रमजीवी स्त्रीला प्रतिष्ठा देण्याची ही रीत मोठी मार्मिक म्हणावी लागेल. यासाठी त्यांना मॉडेल शोधत दूर जावे लागले नाही. बालपणी पाहिलेली माणसेच त्यांच्या कामास आली.

मुंबईत व्यवसाय असूनही त्यांनी सासवण्याशी नाते तोडले नाही. तेथे घर बांधले, त्याच्याभोवती आणि आत आपली शिल्पे मांडली. ब्राँझ हा खर्चिक धातू. तो समाजाने किंवा संस्थानाने पैसा पुरवला तरच परवडतो. स्वतःच्या समाधानासाठी घडविलेल्या कामांसाठी त्यांनी प्लॅस्टर आणि सिमेंट यांसारख्या साध्या साहित्याचाही उपयोग केला. ज्या हातांनी छत्रपतींचा घोडा घडविला त्याच हातांनी अंगणातली म्हैस घडविली. स्मारकासाठी घोडा आणि घरच्या अंगणासाठी म्हैस, यांत त्यांना उच्चनीच वाटले नाही. दोन्ही ठिकाणी प्राण्याच्या कातडीखालील हाडे आणि स्नायू यांचा अभ्यास सारखाच चोख आहे. सासवण्याचा शेतकरी या म्हशीसमोर उभा राहिला तर त्याला कलासमीक्षकाची गरज भासणार नाही.

मध्य प्रदेशातील वाचकांना येथे करमरकरांच्या एका समकालीनाची आठवण होणे स्वाभाविक आहे. मुंबईच्या चौपाटीवरील लोकमान्य टिळकांचा पुतळा घडविणारे रघुनाथ कृष्ण फडके हे मूळचे वसईचे; परंतु पुढे ते धार येथे स्थायिक झाले, तेथेच त्यांनी शिष्य तयार केले आणि १९६१ साली त्यांना ‘पद्मश्री’ मिळाली. फडक्यांनी आपली विद्या महाराष्ट्राबाहेरच्या माळव्यात रुजविली. करमरकरांनी बंगाल आणि विलायत पाहून ती आपल्या जन्मगावी आणली. दोघांच्याही आयुष्याने हेच दाखविले की, कला मोठ्या शहरातच राहिली पाहिजे असे नाही.

करमरकरांना १९६२ साली ‘पद्मश्री’ने गौरविण्यात आले आणि १९६४ साली ललित कला अकादमीने त्यांना आपले अधिछात्र केले. १३ जून १९६७ रोजी, वयाच्या शहात्तराव्या वर्षी, त्यांचे निधन झाले. अनावरणाच्या त्या ऐतिहासिक दिवसाला एकोणचाळीस वर्षे पूर्ण होण्यास तेव्हा तीन दिवस उरले होते.

शिल्पकार गेल्यावर त्याच्या स्टुडिओतील प्लॅस्टरच्या मूर्तींचे काय होते हा कलेच्या इतिहासातील एक दुःखद अध्याय आहे. ब्राँझचे पुतळे चौकात टिकतात. पण ज्यांवरून ते ओतले गेले ती मूळ कामे अडगळीत जातात, पावसात भिजतात, जागा रिकामी करताना फुटतात. अनेक नामवंतांच्या बाबतीत असेच घडले. करमरकरांची कामे मात्र वाचली, कारण त्यांच्या कुटुंबीयांनी सासवण्याचे घर शिल्पसंग्रहालय म्हणून राखले. सुमारे दीडशे शिल्पे तेथे एकत्र पाहावयास मिळतात. कोणा राजाचे अनुदान किंवा महानगराची प्रतिष्ठा पाठीशी नसताना एका खेड्यात असा संग्रह टिकवणे ही सोपी गोष्ट नव्हे. खारी हवा, गळणारी कौले आणि पाहुण्यांची तुरळक वर्दळ या सर्वांना तोंड देत तो टिकला आहे.

ग्रंथालय चालविणाऱ्यांना हे कष्ट समजावून सांगावे लागत नाहीत. वर्गणीच्या बळावर, वाळवीशी आणि विस्मृतीशी झगडत, सीमेवरच्या गावात मराठी ग्रंथ शंभर वर्षे जपणे आणि समुद्रकाठच्या गावात शिल्पे जपणे या एकाच जातीच्या गोष्टी होत. सासवण्याच्या भिंतीवरील ते चित्र आज नाही. ते पाहणारा एक जाणता माणूस त्या दिवशी तेथे आला म्हणून पुण्याचा पुतळा उभा राहिला. गावोगावी आजही कोणी मूल भिंतीवर, फळ्यावर किंवा वहीच्या पाठीमागे घोडा काढीत असेल. त्या घोड्याकडे थांबून पाहणारी दृष्टी समाजात राहिली पाहिजे. आणि अश्वारूढ छत्रपतींना वंदन करताना विनायक पांडुरंग करमरकर हे नाव एकदा तरी ओठांवर आले, तर नोंदवहीतील राहून गेलेला कर्त्याचा रकाना भरल्यासारखे होईल.